पुढच्या खोलीतलं उपकार्यालय

अक्का पुढच्या महिन्याच्या एक तारखेला येणार, हे फोनवर ठरलं तेव्हा माईंनी एकच थाप मारली. "पुढची खोली रिकामीच आहे," त्या म्हणाल्या. "तू फक्त ये."

खोली रिकामी नव्हती. तिच्यात एक लोखंडी कपाट होतं, टेबल होतं, दोन बाकं होती, बंद पडलेलं घड्याळ होतं आणि दाराबाहेर पालिकेची पाटी होती. ती पालिका चौदा महिन्यांपूर्वी शेजारच्या मोठ्या पालिकेत विलीन झाली. विलीन म्हणजे काय, असं कोणी विचारलं तर माई सांगत, "साखर चहात होते तसं. चहाचं काही बिघडत नाही. साखर कुठे गेली ते विचारायचं नाही." मोठ्या पालिकेची माणसं येऊन दिव्याचे खांब मोजून गेली, शिक्के घेऊन गेली, कारकुनाला निवृत्त करून गेली आणि कपाट तेवढं विसरली. माईंच्या सासऱ्यांनी ही खोली पालिकेला 'स्वतःची इमारत होईपर्यंत' दिली होती. त्याला एक्केचाळीस वर्षं झाली. इमारत उभी राहिलीच नाही, उलट पालिकाच आडवी झाली.

आता कोणी म्हणेल, एका कपाटाचं एवढं काय. पण अक्का कशी आहे ते त्याला ठाऊक नाही. अक्का म्हणजे माईंची थोरली बहीण. यजमान गेल्यापासून एकटी, गुडघा कामातून गेलेला, जिना चढवत नाही. आणि ताठा असा की कोणाच्या घरी तीन दिवसांच्या वर राहिली नाही. आपल्यामुळे कोणाची उशी इकडची तिकडे झालेली दिसली तरी ती पिशवी भरायला घेई. तिनं वृद्धांसाठीच्या कुठल्याशा घराचा फॉर्म आणून भरून ठेवलाय, हे माईंना तिसऱ्याच माणसाकडून कळलं होतं. सख्खी बहीण जिवंत असताना अक्कानं फॉर्म भरावा, हे माईंच्या इतकं जिव्हारी लागलं होतं की त्यांनी त्याबद्दल चकार शब्द काढला नव्हता. माई एखाद्या गोष्टीबद्दल बोलत नाहीत म्हणजे ती गोष्ट फारच खोल गेली, असं घरात सगळे समजून होते.

तेव्हा कपाट हलवायचं. बेत एवढाच होता.

समोरचा शिंपी म्हणाला, "माई, चार माणसं बोलावतो. अंगणात ठेवून देऊ. आठ दिवस तिथे राहिलं की आपोआप कोणाचं तरी होईल."

शेजारच्या मास्तरीणबाई निवृत्त झाल्या होत्या, पण चुका काढायच्या थांबल्या नव्हत्या. त्या कुंपणावरून म्हणाल्या, "हात लावू नका. सरकारी मालमत्ता आहे. हलवली तर चोरी."

"आणि नाही हलवली तर?"

"तर अडवणूक. अर्ज करा."

अर्ज मास्तरीणबाईंनीच लिहिला. तीन पानी झाला. पहिल्या पानावर गावाचा इतिहास, दुसऱ्या पानावर सासऱ्यांचा दानशूर स्वभाव, आणि कपाट आलं ते तिसऱ्या पानावर खालून चौथ्या ओळीत. माईंनी सही केली. माईंची शाळा चौथीपर्यंत, तीही घरात काम नसेल तेवढीच. त्यामुळे सहीला वेळ लागे, पण एकदा केली की ती कागदाच्या पाठीमागूनही वाचता येई.

मुलगा म्हणाला, "बघू." तो कोणत्याही प्रश्नावर बघू म्हणे आणि खरोखरच नुसता बघे. सूनबाई दवाखान्यात नर्स होती. ती म्हणाली, "मी रजा काढून बरोबर येऊ का?"

"का? मला काय कुठे लागलंय?" माई म्हणाल्या, आणि एकट्याच निघाल्या.

पूर्वी पालिकेत जायला माईंना अकरा पावलं पडत. आता अकरा किलोमीटर. बसमधून उतरून, दोन खिडक्यांवर उभं राहून, तिसऱ्या खिडकीवरच्या बाईचं फोनवरचं बोलणं पूर्ण ऐकून झाल्यावर त्यांना कळलं की विलीनीकरण कक्ष जिन्याखाली आहे. जिन्याखाली खरोखरच एक माणूस बसला होता. उठताना त्याला मान वाकवावी लागे, म्हणून तो सहसा उठतच नसे. वयानं तो माईंच्या मुलाएवढा होता, पण मान हलवायचा सासऱ्यांसारखी.

"तुमचं कपाट घेऊन जा," माई म्हणाल्या.

"ते आमचं नाही. उपकार्यालयाचं आहे."

"कुठलं उपकार्यालय?"

"तुमच्या घरातलं."

"ते बंद झालं की."

"बंद झाल्याचा कागद दाखवा."

"बंद झालेल्या कचेरीत कागद द्यायला कोण बसलंय?"

"म्हणजे कागद नाही," कक्षवाला म्हणाला. "म्हणजे चालू आहे." आणि त्यानं यादी काढून वाचायला घेतली. "कपाट एक. टेबल एक. बाकं दोन. घड्याळ एक, चालू स्थितीत. कर्मचारी एक."

"कर्मचारी? कोण कर्मचारी?"

त्यानं माईंचं संपूर्ण नाव वाचलं. वडिलांचं, नवऱ्याचं, सगळं. आणि त्याच्यापुढचंही स्वच्छ आवाजात वाचलं: सफाई कामगार, बिनपगारी.

माईंनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला आणि त्या माणसाकडे पाहिलं. त्या नजरेनं आजवर दूधवाल्याचं पाणी, व्याह्यांचा आवाज आणि एकदा तर चालत्या मिरवणुकीतला बँड बंद पडला होता. पण हा कक्षवाला सरकारी होता.

"आणि तुम्ही चौदा महिने गैरहजर आहात," तो म्हणाला. "दोनदा नोटीस पाठवली. दोन्ही वेळा 'कार्यालय बंद' म्हणून परत आली."

आता हा टपालवाला रोज माईंच्या ओट्यावर बसून चहा पिणारा. नोटिशीवर पत्ता कार्यालयाचा होता, कार्यालयाला कुलूप होतं, म्हणून त्यानं ती परत पाठवली आणि मग आत येऊन माईंकडे दुसरा कप मागितला. नियमानं चालणारा माणूस, त्याला काय बोलणार.

"कारण लिहून द्या," कक्षवाला समजुतीनं म्हणाला. "आजारपण चालेल."

"मला कसला आजार नाही. मी त्या घराची मालकीण आहे."

त्यानं कारणांच्या यादीवरून बोट फिरवलं. "हे यात नाही."

त्या दिवशी बसमध्ये माईंना बसायला जागा मिळाली, पण त्या उभ्यानंच आल्या. बसल्या असत्या तर शेजारच्यानं विचारलं असतं, काय झालं म्हणून.

घरी मुलाला हसू आवरेना. सूनबाईनं तोंडात टॉवेल कोंबला आणि ती दोरीवरचे कपडे काढायला गेली. त्या वेळी दोरीवर एकही कपडा नव्हता.

माई तडक जुन्या कारकुनाकडे गेल्या. तो कुंड्यांना पाणी घालत होता. या माणसाचं आयुष्यभराचं एकच तत्त्व होतं, की छापील तक्त्यातला रकाना कोरा सोडायचा नाही. कोरा रकाना दिसला की त्याला पायात काटा मोडल्यासारखं होई. एकदा गावात साथ नव्हती तर त्यानं 'साथीचे नाव' या रकान्यात 'पुढे कळवू' असं लिहिलं होतं.

"माझं नाव कोणी घातलं तुमच्या त्या यादीत?"

"मी," कारकून म्हणाला. पाण्याची झारी त्यानं खाली ठेवली. "विलीनीकरणाचा तक्ता आला, माई. कर्मचारी, सफाई. कोरा ठेवला असता तर परत आला असता. आणि तीस वर्षं रोज साडेनऊला ती खोली कोण झाडत होतं?"

"माझ्या घराची खोली आहे ती. कचरा दिसला तर झाडणार नाही?"

"तेच म्हणतो मी. दुसऱ्या कोणाचं नाव लिहिलं असतं तर खोटं झालं असतं." आणि मग तो म्हणाला, "मला वाटलं होतं, तुम्हाला बरं वाटेल."

माईंनी खाली ठेवलेली झारी उचलून त्याच्या हातात दिली. ही आणखी एक गोष्ट त्यांनी घरी सांगितली नाही.

दुसऱ्या दिवशी त्या राजीनामा घेऊन जिन्याखाली हजर. कक्षवाल्यानं कागद हातात न घेताच मान हलवली. गैरहजर माणसाला राजीनामा देता येत नाही. आधी रुजू व्हायचं, मग महिन्याभराची सूचना द्यायची, मग पद रिकामं होणार, मग कर्मचारी नसलेलं कार्यालय म्हणून ते बंद करण्याचा विचार होणार, आणि कपाट त्याच्यानंतर. माईंनी बोटांवर हिशेब केला. आज रुजू झालं तर एक तारखेला सुटका होत होती, जेमतेम.

"कुठे रुजू व्हायचं?"

"उपकार्यालयात. वरिष्ठांची सही आणा."

"तिथे वरिष्ठ कोण?"

कक्षवाल्यानं यादी पाहिली. "तुम्हीच."

अशा रीतीनं माई स्वतःच्या सहीनं, स्वतःच्या घरात, स्वतःच्या हाताखाली नोकरीला लागल्या.

सकाळी दहाला कुलूप काढायचं, पाचला लावायचं. माईंनी एक मात्र मनाशी ठरवलं होतं: बसेन, पण झाडूला हात लावणार नाही. कागदावर लिहिलंय म्हणून झाडायला त्या काही बांधलेल्या नव्हत्या. पहिला दिवस गेला. दुसऱ्या दिवशी टेबलावर बोटानं रेघ ओढता येईल इतकी धूळ बसली. तिसऱ्या दिवशी कोपऱ्यात कोळ्यानं संसार मांडला आणि माईंचं डोकं दुखायला लागलं. शेवटी पाच वाजता त्यांनी रीतसर कुलूप लावलं, आत जाऊन तोंड धुतलं, मधल्या दारानं घरची बाई म्हणून पुन्हा त्याच खोलीत आल्या आणि लख्ख झाडून काढलं. तेव्हापासून हाच नेम पडला. मास्तरीणबाई म्हणाल्या, "फरक काय पडला मग?" माई म्हणाल्या, "ज्याला कळायचं त्याला कळेल."

पण खरी भानगड निराळीच झाली. चौदा महिने गावातली माणसं प्रत्येक दाखल्यासाठी अकरा किलोमीटर जात होती आणि जिन्याखालून परत येत होती. पाटीखालचं दार उघडं दिसल्यावर पहिल्यांदा दूधवाला आत डोकावला. त्याच्या गल्लीतला दिवा चार महिने बंद होता.

"मी इथे फक्त," असं म्हणून माई थांबल्या. पुढचा शब्द त्यांच्या तोंडातून निघेना. "बस," त्या म्हणाल्या. "कुठला खांब?"

मग जन्माच्या नोंदीसाठी एक बाई आली. मग सामाईक भिंतीवरून भांडणारे दोन भाऊ आले. भावांना माईंनी भिंतीबद्दल काही सांगितलं नाही, त्यांच्या आईबद्दल चार वाक्यं सांगितली, तसे दोघे खाली मान घालून गेले. दाखल्यांचे कागद त्या बसच्या चालकाबरोबर कक्षवाल्याकडे पाठवत आणि तोंडी निरोप जोडत. "म्हणावं, दिवा लागला नाही तर मी स्वतः येऊन तुमच्यासमोर बसेन." चालक तो निरोप माईंच्या आवाजात देई. तिसऱ्या दिवशी दिवा लागला.

झालं. बाकं पुरेनाशी झाली. शिंप्यानं आपलं एक स्टूल आणून टाकलं आणि स्टूल त्याचं म्हणून आपला नंबर आधी, असा हक्क सांगितला.

महिना भरत आला तसा जिन्याखालून कागद आला. सूनबाईनं वाचून दाखवला. उपकार्यालयात या महिन्यात एकशे बारा नागरिकांनी भेट दिली असल्यामुळे ते बंद करणं लोकहिताचं नाही. राजीनामा मंजूर, मात्र पदभार दुसऱ्या कर्मचाऱ्याकडे सोपवल्यावरच. पद बिनपगारी असल्यानं अर्ज येण्याची शक्यता कमी, तरी दुसरा कर्मचारी आपणच शोधावा.

"म्हणजे?" माईंनी विचारलं.

"म्हणजे तुम्ही काम चांगलं केलंत," सूनबाई म्हणाली.

"बघू," मुलगा म्हणाला. माईंनी त्याच्याकडे नुसतं पाहिलं. तो बाजारात निघून गेला.

आणि एक तारखेला अक्का आली.

रिक्षातून उतरली तेव्हा खोलीत नऊ माणसं होती. टेबल आणि कपाट यांच्या मधे माईंनी पलंग कसाबसा सरकवला होता, त्याच्यावर धुतलेली चादर होती. अक्कानं काठी टेकत आत पाहिलं, पाटी वाचली, नऊ माणसं वाचली. सातवी पास होती ती, कोणतीही गोष्ट पूर्ण वाचल्याशिवाय बोलत नसे.

"रिकामी आहे म्हणालीस."

"चाललेच आहेत ते," माई म्हणाल्या.

कोणी गेलं नाही. अक्का पलंगावर ताठ बसली. ट्रंक तिनं पायाशी ठेवली आणि उघडली नाही. चहा दिला तर कप स्वतः धुऊन ठेवी. उशी दिली तर सकाळी नेऊन परत देई. दुसऱ्या दिवशीही ट्रंक बंद. नेसायचं तेवढं ती पिशवीतून काढे. सूनबाई म्हणाली, "मावशी, कपडे काढून ठेवू का?" तर म्हणाली, "कुठे ठेवशील बाई, जागा कुठे आहे?"

माई ट्रंकेकडे बघत आणि कामाला लागत. त्या दोन दिवसांत त्यांनी तीन माणसांना विनाकारण फैलावर घेतलं.

तिसऱ्या दिवशी एक म्हातारा फॉर्म घेऊन आला. माईंनी तो हातभर लांब धरला, मग जवळ धरला, मग म्हणाल्या, "चष्म्याचा नंबर बदललाय." अशा वेळी त्या कागद सूनबाई येईपर्यंत ठेवून घेत. पलंगावरून आवाज आला, "तिसऱ्या ओळीत वडिलांचं नाव राहिलंय. आणि तारीख उलटी घातलीय."

म्हाताऱ्यानं माईंकडे पाहिलं. माईंनी खिडकीकडे पाहिलं. म्हातारा उठून पलंगाशी गेला. त्याच्यामागून दुसरा गेला. दुपारपर्यंत रांगेचं तोंड टेबलाकडून पलंगाकडे वळलं होतं, आणि अक्का शिंप्याला विचारत होती, "हे 'न' आहे की गोगलगाय?"

पण संध्याकाळी, कुलूप लावून झाल्यावर, अक्का म्हणाली, "उद्या सकाळच्या गाडीत बसवून दे मला. वृद्धांच्या त्या घरातून कळवलंय, खोली आहे त्यांच्याकडे."

माई झाडत होत्या. त्यांनी झाडू थांबवला नाही. "इथे काय कमी आहे?"

"कमी काही नाही. इथे मी जास्त आहे." अक्का सरळ बोलली, रडणं वगैरे तिला माहीत नव्हतं. "तुझ्या दारात गाव बसतं. मधे माझा पलंग. माणसं माझ्या पायाला अडखळतात. आयतं बसून खाणं मला जमत नाही, तुला ठाऊक आहे."

माईंनी कोपरा झाडला. मग तोच कोपरा पुन्हा झाडला. आयुष्यात अक्कानं त्यांचं काहीही ऐकलेलं नव्हतं. लहानपणी पाणी भरण्यापासून अक्काच्या यजमानांच्या आजारपणापर्यंत, जे ठरवायचं ते अक्का ठरवी आणि माई मागून चालत. जगात माईंना भ्यायचं ते सगळ्यांनी, आणि माईंनी भ्यायचं ते हिला एकटीला. हिच्याकडे मागायचं म्हणजे काय, आणि कुठल्या तोंडानं. पण सकाळची गाडी साडेसातची होती.

त्या आत गेल्या आणि पदभाराचा कागद घेऊन आल्या. तो अक्काच्या मांडीवर ठेवला.

"हे वाच."

अक्कानं वाचलं. वरपासून खालपर्यंत, मग मागची बाजूही उलटून पाहिली.

"इथे सफाई कामगार लिहिलंय."

"रकाना आहे तो. कोरा ठेवता येत नाही."

"तू ही नोकरी करतेस?"

"महिना झाला," माई म्हणाल्या. गावात कोणासमोर न उच्चारलेली गोष्ट त्या बोलून गेल्या आणि त्यांचे कान गरम झाले.

"माझा गुडघा वाकत नाही."

"तुला झाडायला कोण सांगतंय? मी काय मेलेय?"

"मग मी करायचं काय?"

"आज दिवसभर काय केलंस?" माईंचा आवाज चढला. "मला वाचता येत नाही, अक्का. चष्म्याला काही झालेलं नाही. मी त्यांना ओरडते, ते मला जमतं. पण कागद आला की गाडी अडते. सूनबाईच्या येण्याची वाट बघते, आणि ती दमून आलेली असते. तू गेलीस तर उद्या त्या म्हाताऱ्याला मी काय सांगू?"

खिडकीबाहेर शिंपी आपलं दुकान आवरत होता आणि आवरायला जेवढा वेळ लागतो त्याच्या तिप्पट घेत होता.

"पेन दे," अक्का म्हणाली.

तिनं पूर्ण नाव लिहिलं, खाली रेघ ओढली, तारीख घातली, वेळही घातली. मग विचारलं, "कपाटाची किल्ली कोणाकडे आहे?"

"जुन्या कारकुनाकडे."

"मागव."

सकाळी साडेसातची गाडी गेली. किल्ली देऊन कारकून आधीच परत गेला होता. साडेआठला माई चहा घेऊन मधल्या दारानं आत शिरल्या. कपाट सताड उघडं होतं. जन्ममृत्यूच्या वह्या वरच्या दोन कप्प्यांत सालाप्रमाणे लागल्या होत्या आणि खालच्या दोन कप्प्यांत अक्काचे कपडे होते, घडीवर घडी. रिकामी ट्रंक कपाटाच्या डोक्यावर चढून बसली होती. तिथे ती कोणी चढवली, ते शिंप्यानं नंतर खांदा दाबत सांगितलं.

अक्का टेबलाशी बसली होती. समोर कोरी वही, हातात पट्टी. ती रकाने आखत होती.

"कार्यालय दहाला उघडतं," ती वर न बघता म्हणाली.

"चहा आणलाय."

"ठेव तिथे. आणि जाताना दार ओढून घे, वाऱ्यानं कागद उडतात."

बाहेरच्या पायरीवर तोवर पाच माणसं येऊन बसली होती, पुढची खिडकी उघडीच होती, आणि पाचही जणांनी ते ऐकलं. मास्तरीणबाई तर कुंपणावर एवढ्या वाकल्या की पडायच्याच बाकी होत्या. आता माई काय उत्तर देतात, इकडे सगळ्यांचे कान लागले.

माईंनी कप टेबलावर ठेवला. मधलं दार हलक्या हातानं ओढून घेतलं. स्वयंपाकघरात सूनबाई डबा भरत होती. तिच्याजवळ जाऊन त्या खालच्या आवाजात म्हणाल्या, "राहतेय ती."